नामाचा उजवा गुडघा

परळ, १२ फेब्रुवारी १९५८

सौ. सगुणेस दादूचे अनेक आशीर्वाद.

हे पत्र मास्तरांकडं नेऊ नकोस. वेळ लागला तरी अक्षर लावून तूच वाच.

मी खुशाल आहे. ओठाला दोन टाके पडलेत, तेवढं कबड्डीत चालायचंच. मिठाच्या राशी लागल्या का?

आमच्या गिरणीचे दोनच सामने राहिलेत, रविवारी छापखानावाल्यांशी, मग ट्रामवाल्यांशी. दोन्ही मारले तर उपांत्य फेरी, आणि मग साहेब मला कामावर कायम करणार.

काल गोदीवाल्यांशी हरलो असतो तर सगळंच संपलं होतं. त्यांच्याकडून तुझा नामा खेळत होता. एका चढाईत त्यानं आमचे तिघं मारले. मध्यांतरात कप्तानानं माझी मान धरून विचारलं, "तुझा मेव्हणा हाय ना? कुठं धरला तर पडंल?"

मी म्हणालो, "उजवा गुडघा."

मिठागराच्या बांधावरून पडला होता तो, हे घराबाहेर कुणालाच ठाऊक नव्हतं.

पुढच्या चढाईला चौघं त्याच्या त्या पायावर पडले. हाड मोडल्याचा आवाज मला ऐकू आला. लोक ओरडत होते, "अजून दाबा!" मीही ओरडलो, सगुणा.

आज इस्पितळात गेलो. पाय मांडीपर्यंत प्लास्टरमध्ये आहे. आता खेळणं नाही, असं डॉक्टर म्हणतात. तुझ्या आईला पाय घसरला एवढंच सांग, असं नामानंच सांगितलंय.

निघताना त्यानं विचारलं, "किती सामने राहिले, भावोजी?"

"दोन."

"मग तुमचं काय दुखतं, ते कुनाला सांगू नका."

आईच्या पाया पडतो. रागवायचं ते रविवारनंतर रागव.

दादू