दत्ताकाकांच्या जागी तिचं नाव

२१ जानेवारी
फुटलं! समोरच्या वकिलांनी आज कोर्टात सांगून टाकलं — प्रतिवादी दत्ताराम ऑगस्टमध्येच वारले, मुदतीत त्यांचे वारस रेकॉर्डवर आणले नाहीत, सबब दावा संपला. अकरा वर्षांचा दावा!
आमच्या वकीलबाई माझ्याकडे वळल्या. "जितेश, तुला माहीत होतं?"
"नाही."
माहीत होतं. मी खांदा दिला होता.

२२ जानेवारी
बाबांना सांगितलं. दावा संपला हे त्यांच्या कानातच शिरलं नाही. "दत्ता गेला? कधी?" एवढंच. मग दुखरे गुडघे घेऊन, भिंत धरत मोरीत गेले आणि भर दुपारी डोक्यावरून अंघोळ केली. सुतकाची. ज्याच्याशी अकरा वर्षं बोलणं नाही, त्याच्यासाठी!
मी बाहेर टॉवेल धरून उभा.

२३ जानेवारी
इथे तरी खरं लिहितो. पेणकरपाड्याची ती दोन गुंठे जागा बाबांनी आणि त्यांच्या जिवलग मित्राने, दत्ताकाकांनी, मिळून घेतली. कागद झाला एकट्या काकांच्या नावावर. भांडण, दावा, आम्ही भाईंदरला भाड्याच्या खोलीत. बाबांचे गुडघे गेल्यावर कुलमुखत्यारपत्र माझ्या नावावर झालं, तारखांना मीच जातो.
आणि मनाली काकांची मुलगी. "पप्पा गेले" हा मेसेज तिने मलाच पहिला केला.
वकीलबाईंना सांगितलं असतं तर काकांच्या जागी टाइप झालं असतं — प्रतिवादी क्रमांक १ (ब), मनाली. माझ्या सहीने! नाही जमलं. वाटलं, पुढच्या तारखेला सांगू. मग त्याच्या पुढच्या.
दिवाळीपासून तिचा एक रिप्लाय नाही. कोणासाठी केलं मी हे?

३० जानेवारी
विलंब माफीचा अर्ज. "पुरेसं कारण लागतं," वकीलबाई म्हणाल्या, आणि टाइप केलं — मृत्यूची माहिती नव्हती. प्रतिज्ञापत्रावर मी सही केली.
बाबा फोनवर त्यांना सांगत होते, "आमचा पोरगा तारीख चुकवत नाय हो."

१८ फेब्रुवारी
कॉरिडॉरमध्ये समोरचा कारकून हसला — "झोपले होते का पाच महिने?" मी कॉलर धरली त्याची. वकीलबाईंनी सोडवलं. कॉलेजही असंच सुटलं, सरांवर हात उचलून. खोटा मी, आणि कॉलर दुसऱ्याची!
आमच्या अर्जावर मनालीचं उत्तर दाखल झालंय. चार पानं. दोनदा वाचली. मी अंत्ययात्रेत होतो, हे कुठेच नाही.

१९ फेब्रुवारी
फोन केला. तिने उचलला!
"का नाही लिहिलंस?"
"आईने सांगितलेलं, लिही. मी नाही लिहिलं. तू आलेलास रे त्या दिवशी. ते कोर्टात कसं वापरू?" मग, "पण तू शपथेवर खोटं लिहिलंस, जितू."
तिने फोन ठेवला.
लाज म्हणजे नेमकं काय, ते आज कळलं.

२० फेब्रुवारी
वकीलबाईंना सगळं सांगितलं. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "प्रेमात होतो, हे पुरेसं कारण नाही रे बाळा! आणि खोट्या प्रतिज्ञापत्राचं काय होतं ठाऊक आहे?"
"मला काय व्हायचं ते होऊ दे. बाबांचा दावा वाचवा."
नवीन प्रतिज्ञापत्र — माहीत होतं, खांदाही दिला होता, लपवलं, वडिलांना काहीच ठाऊक नव्हतं. घरी येऊन बाबांना वाचून दाखवलं. ते भिंतीकडे तोंड करून झोपले.

२ मार्च
बाबा बोलत नाहीत. ताट वाढतात. बोलत नाहीत.

१२ मार्च
विलंब माफ! जज साहेबांनी मला उभं करून झापलं, पण पोराच्या चुकीची शिक्षा बापाला नको म्हणाले. दावा परत चालू. वारसांची नावं लागली. क्रमांक १ (ब), मनाली — खाली माझी सही.
धावत घरी आलो, बाबांना सांगितलं. त्यांनी मान हलवली. मग म्हणाले, "खांदा पुढे दिलास की मागे?"
"पुढे. उजवीकडे."
"ती माझी जागा होती."