शिवणीत गेलेला शब्द

११ मार्च २००३, मंगळवार

सीडी आली एकदाची. इंग्लंडहून, सहा आठवड्यांनी. मागवलीच नसती तर!

नाही, असं नको. नीट लिहिते. सतराव्या शतकातल्या त्या पत्राचे नवे फोटो आहेत. तिथल्या ग्रंथालयाने जुनी शिवण सोडवून पत्रांची ती बांधीव वही दुरुस्त केली, त्यामुळे पान आता सपाट दिसतं. आजवर आम्ही सगळे माझे गाईड, प्रोफेसर विल्मॉट यांनी छापलेला मजकूरच वापरत आलो. मला फक्त प्रबंधात लावायला एक चित्र हवं होतं.

बाराव्या ओळीच्या शेवटी, पान शिवणीत घुसायचं तिथे, एक शब्द आहे. तीन इंग्रजी अक्षरं. ‘नॉट’ — नाही.

मोठं करकरून पाहिलं. डाग नाही. नॉटच.

१२ मार्च

केंब्रिजचे त्या काळचे ते सगळे प्लेटोवादी एकच सांगतात — चांगलं ते मुळातच चांगलं. कुणाच्या हुकमाने नाही, देवाच्यासुद्धा नाही. चांगलं आहे म्हणून देव ते इच्छितो. त्या मंडळींतला एकच जण फुटला, तो माझा पाद्री, हे पत्र लिहिणारा. त्याने मित्राला लिहिलं, देवाने इच्छिलं म्हणून चांगलं चांगलं झालं. या वाक्यावर विल्मॉटनी तरुणपणी पुस्तक लिहिलं आणि नाव कमावलं. त्याच वाक्यावर माझी पाच वर्षं उभी आहेत.

आणि तो लिहितोय — ‘झालं नाही’. फुटला नव्हताच तो! इतरांसारखाच होता.

डिफेन्स, म्हणजे कमिटीसमोरची तोंडी परीक्षा, २२ एप्रिलला. जेमतेम सहा आठवडे.

१३ मार्च

नवऱ्याला, प्रसन्नला सांगितलं. आधी हसला. मग हसायचा थांबला.

“एक शब्द ना? साडेतीनशे वर्षं कुणाला दिसला नाही, अजून तीन महिने नाही दिसला तर काय बिघडतं? डिग्री घे, जॉइन हो, मग काय ते करेक्शन कर, यार.”

त्याच्या एच-वन व्हिसाची सहा वर्षं ३० जूनला संपतात. ग्रीन कार्डचे कागद जुनी कंपनी बंद पडली तेव्हाच गेले. आता सगळं माझ्या नोकरीवर. इलिनॉयच्या त्या छोट्या कॉलेजने घेतलंय मला, व्हिसाही करणार आहेत. अट एकच, जूनपर्यंत पीएचडी हातात हवी.

तो वाईट माणूस नाही. हे इथे लिहून ठेवते.

१७ मार्च

काही लिहिलं नाही. पोळ्या करपल्या. रुचा म्हणाली, “आई, आर यू सिक?” आठ वर्षांची आहे, तिलाही कळतंय.

२० मार्च

विल्मॉटना भेटले. डिपार्टमेंटच्या ऑफिसात टीव्ही चालू, पडद्यावर बगदादवर पडणारे बॉम्ब, सगळे उभे राहून बघत होते. हे मात्र आपल्या खोलीत एकटेच.

फोटो टेबलावर ठेवला. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. फोटोकडे धड बघितलंसुद्धा नाही! “डाग असेल.”

“सर, डाग नाहीये. तीन अक्षरं स्वच्छ दिसतात.”

मग म्हणाले, “पद्मिनी, तुला व्हिसाचा विचार करायला हवा. डिफेन्स होऊ दे. नंतर आपण दोघं मिळून हे छापू.”

पहिल्या हिवाळ्यात माझ्याकडे धड कोट नव्हता, तेव्हा यांनी स्वतःच्या बायकोचा आणून दिला होता. प्रत्येक प्रकरण तीन-तीनदा वाचलंय त्यांनी. ते सांगतायत तर — ?

बाहेर पडले तेव्हा सुटल्यासारखं वाटलं. त्याचीच लाज वाटतेय.

५ एप्रिल, शनिवार

मराठी मंडळाचा पाडवा, शाळेच्या हॉलमध्ये. सरलाकाकूंनी माइकवरून जाहीर केलं, “आपली पद्मिनी आता डॉक्टर होणार!” टाळ्या. श्रीखंडाची वाटी मी तशीच ठेवून दिली.

परतताना गाडीत भांडलो.

“तू ठरवलंयस ना सगळ्यांना सांगायचं?” प्रसन्न.

“काहीच ठरवलं नाही.”

“मग तोंड असं का? माझं वय एक्केचाळीस. पुण्यात परत शून्यापासून कुठे सुरू करू? रुचाला मराठी वाचता येत नाही, कुठल्या शाळेत घालणारेस?”

“मी खोटं सहीनिशी द्यायचं का?”

“खोटं नाही! फक्त उशिरा खरं.”

मागून रुचा — “हू इज लाइंग?”

घराजवळच्या डब्लिन एक्झिटपर्यंत गाडीत नुसता हीटरचा आवाज.

८ एप्रिल

प्रबंध दिला. जुन्याच मजकुरासकट. पाच प्रती, कमिटीच्या पाचही जणांच्या टपालाच्या खणात ठेवल्या. सीडी कपाटात स्वेटरांखाली.

प्रसन्नने संध्याकाळी न सांगता भांडी घासली. थँक यू म्हणाला. मला ते ऐकवेना.

१४ एप्रिल

डिफेन्सची तयारी. बाथरूमच्या आरशासमोर उभी राहून उत्तरं म्हणत होते. “मूळ पत्रात स्पष्टच लिहिलंय की...” — इतकं सहज! आवाज कापला नाही, डोळे हलले नाहीत. स्वतःची भीती वाटली. उद्या कॉलेजात पोरांसमोर हेच म्हणीन, असंच सहज. मग करेक्शनबिरेक्शन काही करणार नाही मी. ओळखते मी स्वतःला.

देवाच्या इच्छेनेही चांगलं ठरत नाही म्हणे. आणि मी माझ्या व्हिसाच्या इच्छेने ठरवायला निघालेय!

१५ एप्रिल

सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी ईमेल पाठवली. पाचही जणांना, विल्मॉटसकट. फोटो जोडला. लिहिलं की प्रकरण तीन आणि चार चुकीच्या वाचनावर उभी आहेत, हे मला ११ मार्चपासून माहीत होतं आणि तरी मी प्रबंध दिला. शेवटचं वाक्य दोनदा खोडलं, दोनदा परत लिहिलं.

मग प्रसन्नला ऑफिसात फोन केला. तो फक्त “बरं” म्हणाला. ठेवलाच नाही फोन, कितीतरी वेळ. शेवटी मीच ठेवला.

१७ एप्रिल

डिफेन्स रद्द. दोन प्रकरणं नव्याने लिहायची, डिसेंबरच्या आधी तारीख नाही. “कौतुक वाटतं तुझं,” असं एका मॅडमनी लिहिलंय. विल्मॉटकडून एक अक्षर नाही.

१९ एप्रिल

इलिनॉयच्या कॉलेजचं पत्र. फार सभ्य. जागा राखून ठेवता येत नाही.

प्रसन्न चार दिवस बोलला नव्हता. आज पत्र वाचलं, घडी करून मला परत दिलं. “मी आणि रुचा जूनमध्ये पुण्याला निघतो. तुझा स्टुडंट व्हिसा आहे, तू लिहून पूर्ण कर, मग ये.” मी रडायला लागले तर म्हणाला, “रडू नकोस, पद्मा. मी अजून चिडलेलोच आहे.” तरी शेजारी बसून राहिला.

रुचाला त्याने ‘क’पासून शिकवायला घेतलंय. तिला ‘झ’ जमत नाही.

२५ एप्रिल, शुक्रवार

विल्मॉट घरी आले. पाच वर्षांत पहिल्यांदा. आत या म्हटलं तरी येईनात, दारातच उभे राहिले.

म्हणाले, १९६८ साली ते त्या ग्रंथालयात होते. शिवण दोन अंगठ्यांनी दाबून त्यांनी ते पान उघडलं होतं. “मी तो शब्द वाचला होता, पद्मिनी. एकोणतीस वर्षांचा होतो मी. घरात बाळ होतं, नोकरी नव्हती.”