कर्नलसाहेबांचं बालशांती सरबत

लोवेल, ९ मार्च १८७१

प्रिय किझाया,

तुला आणि लेकरांना देव सुखात ठेवो. मी ठणठणीत आहे. खाणावळीतला घेवडा आणि डुकराचं मांस अंगी लागतंय. तुझा खोकला थांबला का?

आधी उठ आणि फडताळातली 'बालशांती'ची बाटली चुलीच्या राखेत ओत. नवऱ्याच्या हातची म्हणून तू ती विश्वासाने विकत घेतलीस, असं तू लिहिलंस.

साखर, बडीशेप, मद्य मीच तोलून घालतो. ही विद्या मी पुस्तकांतून स्वतः शिकलोय, माझं माप चुकत नाही. शेवटचा काळा अर्क मात्र मालक, कर्नल ट्रस्कॉट, दार लावून ओततात. 'पूर्वेकडची मुळी' म्हणतात. काल पिंपाच्या काठाला लागलेला थेंब मी चाखला. ती अफू आहे.

दुपारी त्यांची सून किंचाळणारं तान्हं घेऊन कारखान्यात आली. तिने सरबत चमच्यात ओतलं, तसा म्हाताऱ्याने चमचाच उडवला.

"अक्कल गहाण टाकलीस का गं? हे विकायचं असतं, घरात पाजायचं नसतं!"

मग माझ्याकडे वळून हसले, "काय पंडित, खरं ना?"

थू! आणि हा माणूस रविवारी चर्चमध्ये पहिल्या बाकावर बसतो. मी काम सोडलंय, शनिवारी घरी पोचतो.

तू कौतुकाने लिहिलंस, आपला तान्हा ओरिन आता दिवसदिवस रडत नाही. त्याला आजच डॉक्टरकडे ने. आणि तो रडला की लगेच तार कर.

तुझा,
एनॉस