मंडळाचं कुलूप

४ जानेवारी

येणार! पांढुर्ण्याचं ग्रंथसंग्राहक मंडळ पुढच्या रविवारी सौसरला, माझ्या घरी, माझी पुस्तकं बघायला येणार! मागे अध्यक्ष केशवराव फोनवरच म्हणाले होते, "संत्र्याच्या पेट्यांत ठेवता, त्याले काय लायब्ररी म्हणतात का, ताई?" आता म्हणा! काचेचं कपाट आलंय. ह्यांनी टेम्पोतून आणलं आणि वर टोमणा — "आता काचातून वाचशीन का?" हसा, मुकुंदराव, हसा.

११ जानेवारी

जिंकले! बाकीचे कपाटाचं लाकूड ठोकून बघत होते. केशवराव मात्र एक जुना दिवाळी अंक उघडून जे बसले, ते चहा गार झाला तरी उठेनात. "हा अंक आमच्या अख्ख्या मंडळात कोणापाशी नाही, नलिनीताई!"

मेंबर झाले! शाल, नारळ आणि पितळी कुलूप. नवीन मेंबरला मंडळ कुलूप देतं — पुस्तक दाखवायचं, घराबाहेर द्यायचं नाही, अशी त्यांची रीत. सगळ्यांसमोर कपाटाला लावलं. किल्ली पदराला. मूठभर मांस चढलं अंगावर!

१२ जानेवारी

चालताना किल्ली वाजते. छान वाजते.

१४ जानेवारी

तिळगूळ द्यायला गल्लीतली वृषाली आली, मागे नेलेलं पुस्तक घेऊन. आमच्याकडची जुनी वहिवाट — पुस्तक परत आणलं की ओट्यावर बसून त्यातली गोष्ट शेजारच्या शकुबाईला सांगायची, मगच दुसरं न्यायचं. शकुबाईला वाचता येत नाही, पण गोष्टीची भारी हौस. वृषालीने गोष्ट सांगितली, कपाटाकडे वळली आणि थबकली. "काकू, पुस्तकायले जेलात टाकलं का?"

मी नियम सांगितला. पोर रिकाम्या हाताने गेली. शकुबाई उठता उठता म्हणाली, "मंग आता माह्या गोष्टी बंद का वं?"

सणाच्या दिवशी तोंड कडू झालं. राग आला — माझाच.

१५ जानेवारी

कुलूप काढलं. चांगली वस्तू वाया कशाला घालवा, गोठ्याला लावलं. हे म्हणाले, "म्हशीले मेंबर केलं का?"

केशवरावांना फोन करून सांगून टाकलं — माझी पुस्तकं घरोघर जाणार, नाव कापायचं तर कापा! त्यांनी फोनच ठेवून दिला. कापतीलच. वाईट वाटतंय, खोटं कशाला लिहू? पण वृषाली दोन पुस्तकं घेऊन गेली!

१८ जानेवारी

केशवराव आले. एकटेच. कुलूप परत न्यायला आले असतील म्हणून मी गोठ्याकडे निघाले, तर दारातच हळू आवाजात — "ताई, त्या अंकातली गोष्ट अर्धी राहिली माही. घेऊन जाऊ का?"

न्या म्हटलं! ओट्याची वहिवाटही सांगितली.

२५ जानेवारी

केशवराव ओट्यावर, समोर शकुबाई. गोष्ट संपली तर म्हणते, "पुन्हा सांगा जी, मधातलं लय घाईत सांगितलं तुम्ही." त्यांनी पुन्हा सांगितली! मग पिशवीतून एक पुस्तक काढून वृषालीच्या हातात दिलं — त्यांच्या स्वतःच्या कपाटातलं.

"वाचून आणजो, बेटा. अन् सांगशीन तवा मलेही बोलाव."