ऐकणारे: एक

सोमवार, ३ फेब्रुवारी
मनवाणी आली. कानामागे चिकटवायची चकती, नखाएवढी. आपण मनात आणायचं, आणि ज्याच्या कानात तिचा मणी असेल त्याच्या डोक्यात ते थेट उमटतं. तोंड उघडायला नको. मी तोंड उघडलं की लोक विषय बदलतात. आता बदला म्हणावं.

बिजागऱ्यांच्या कारखान्यात, आमच्या तक्रार विभागात, सगळ्यांना कंपनीनं मणी दिलेत. बायकोसाठी मी आणला. बाबांचं कानाचं यंत्रही त्याच दुकानातून घेतलं. दुकानदार म्हणाला, फॅमिली पॅक घ्या, सगळं एकमेकांना जोडून देतो. घेतलं. कशाला काय जोडलं ते विचारलं नाही. तपशिलात शिरणं माझ्या स्वभावात नाही.

संकल्प: मागची खोली मोकळी करणे. साहेब म्हणतात, स्वतंत्र खोली असेल तर घरून काम करा. बाबांसाठी शहराबाहेर एक ज्येष्ठ निवास पाहून ठेवला आहे. हे बोलायचं नाही. बोललं की वाद होतो. बायकोच्या मनात हळूहळू पेरायचं. बाबा तिचं ऐकतात.

मंगळवार, ४
ऑफिसात जोरदार विचार केले. किती जण ऐकतायत ते फोनवर दिसतं. कोण ते दिसत नाही. सकाळी अकरा. जेवणाच्या सुट्टीनंतर चार. घरी आलो तेव्हा एक. गर्दी गळली, अस्सल श्रोता उरला. बायकोच.

शुक्रवार, ७
बाबा रेडिओ असा लावतात की शेजाऱ्यांनाही बातम्या पाठ होतात. आज जेवताना मनात म्हटलं, जरा कमी करा हो. घास तोंडात होता तोवर रेडिओ बंद. बायकोनं जाऊन सांगितलं असणार. ती ताटावरून उठलेली दिसली नाही, पण बायका चपळ असतात.

सोमवार, १०
रेडिओ परत लागलाच नाही. यंत्राचा गुण.
आज निवासाची अख्खी माहिती पाठवली. मोकळी हवा, बरोबरीची माणसं, डॉक्टर हाकेच्या अंतरावर. मधेच भलतं आलं. बाबा चष्म्याच्या काचा घासायचे, त्या मशीनच्या घरघरीत मी बाकावर झोपायचो. उठलो की अंगावर बाबांचा कोट असायचा. विषयांतर. खोडायला गेलो, तर माहितीपत्रकात लिहिलंय की मनवाणीत खोडता येत नाही.
संध्याकाळी बाबांनी न मागता माझा चष्मा काढून घेतला, पुसला, परत नाकावर ठेवला. म्हातारपणी माणूस हळवा होतो.

गुरुवार, १३
जेवताना बाबांनी विचारलं, तिथे खिडकी कुठल्या बाजूला आहे. मी मनात म्हटलं, पूर्वेला. बाबा म्हणाले, मग बरंय. बायको म्हणाली, तुमचं दोघांचं काय चाललंय. काहीच नाही, मी म्हटलं. खरंच कोणी बोलत नव्हतं. एकूण पेरलेलं उगवतंय. बायको कसलेली नटी आहे. काही माहीत नसल्याचा आव झकास आणते.

रविवार, १६
सकाळी बाबा बॅग भरून, बूट घालून तयार. सुनेला म्हणाले, मी तिकडे राहायला जातो, टॅक्सी बोलावली आहे. ती रडायला लागली. मला बाजूला घेऊन म्हणाली, त्यांना कोणी सांगितलं. मी म्हटलं, तूच. तर म्हणते, अहो, तो मणी मी पहिल्याच दिवशी काढला. तोंडानं बोलता तेवढं पुरे नाही का, वर तुमचं मनातलं कुठे ऐकत बसू.

मग तो एक कोण, असा प्रश्न पडला. फार वेळ पडून राहिला नाही.

दारात बाबा म्हणाले, रेडिओ तुला ठेवलाय. मला लावावासाच वाटेना. तू बोलत होतास ना. एवढं सलग तू कधी बोलला नाहीस माझ्याशी. चांगलंवाईट सगळं होतं त्यात, पण बोलत होतास.

मी तोंड उघडलं. टॅक्सीवाल्यानं हॉर्न दिला. तोंड मिटलं आणि पूर्ण ताकदीनिशी मनात म्हटलं, जाऊ नका. बाबा वळले नाहीत. पोचलं असणार. विचार करत असतील.

सोमवार, १७
सकाळपासून एकच विचार लावून धरला आहे: बाबा, परत या. ऐकणारे: एक. म्हणजे ऐकतायत.

बुधवार, १९
बायको म्हणाली, फोन तरी करा. मी म्हटलं, फोन कशाला, थेट डोक्यात जातंय. ती म्हणाली, मग जाऊन घेऊन या. हिला तंत्रज्ञान कळत नाही.
आज कोटाची आठवण मुद्दाम पाठवली. दोनदा. ऐकणारे: एक. बाबा मुळातच मानी. वेळ घेणार.

शुक्रवार, २१
साहेबांनी घरच्या कामासाठी टेबल पाठवलं. सुटं आलंय, जोडायचं आहे. जागा बघायला मागच्या खोलीत गेलो. चादरीची चौकोनी घडी. खिडकीत रेडिओ. रेडिओवर बाबांचं कानाचं यंत्र, त्याच्याच डबीत. बंद करायचं राहिलं होतं. हिरवा दिवा चालू.

बायकोला सांगितलं नाही.

यंत्र माझ्या कानात घालून पाहिलं. आतला माणूस म्हणत होता, उद्याच जाऊ, समोर बसून बोलू. उद्या नको, उद्या टेबल जोडायचंय. परवा. परवा नक्की. बराच वेळ ऐकलं. तेच तेच होतं.

काढून ठेवलं आणि रेडिओ लावला. आवाज बाबांनी ठेवला होता तेवढाच.