वाघोबाची जांभई

गडचांदूर
गुरुवार, १६ नोव्हेंबर २००६

प्रिय संघप्रिया,

जय भीम. तुझी तिसरी चिठ्ठी परवा मिळाली. पहिल्या दोन चिठ्ठ्यांत तू कॅसेट मागितली होतीस, तिसरीत सरळ भांडायलाच उठलीस. पोरगी दहा महिन्यांची झाली, घास दिसला की ओठ मिटून घेते, आणि अख्ख्या जिल्ह्यातल्या पोरांना गाणी म्हणत फिरलेल्या आजोबाला स्वतःच्या नातीसाठी एक गाणं टेप करायला तीन महिने पुरत नाहीत, असं तू लिहिलंस. बरोबरच लिहिलंस. फोन केला असता, पण फोनवर तू सारखी ‘काय? काय म्हणता बाबा?’ करतेस आणि लाइन खराब आहे म्हणून ठेवून देतेस. लाइन चांगली असते. म्हणून कागद घेऊन बसलो.

तुला ‘वाघोबाची जांभई’ हवी आहे. ते गाणं तुझ्यासाठी केलं हे तुला माहीत आहे, पण कसं झालं ते मी कधी सांगितलं नाही. तू दोन वर्षांची होतीस आणि तुला गोवर निघाला होता. आपण तेव्हा कोरपन्याला राहत होतो, मी तिथल्या शाळेत मास्तर. तुझ्या आईनं हात धरले, मी नाक दाबलं, तरी औषधाचा चमचा आत जाईना. उलट तू माझं बोट चावलंस. तोवर मी फक्त वडिलांच्या मंडळात जयंतीला भीमगीतं म्हणायचो, तीही मागच्या रांगेत झील धरायला. त्या दिवशी काय सुचलं कोण जाणे, खाटेवर ओणवा झालो आणि म्हणालो, ‘वाघोबाला आली जांभई, आऽऽ! जंगल सगळं आत जाई, आऽऽ!’ तुला माझ्या जबड्याची गंमत वाटली, तूही आऽऽ केलंस आणि चमचा गेला. पाच दिवस औषध त्याच गाण्यावर गेलं. तुझी आई म्हणाली, “आता बंद करा बावा हे, नाईतर पोरगी खराखुरा वाघ मागन.”

मग ते शाळेत म्हटलं, आणि तिथून सगळं सुरू झालं. माझी एकच रीत होती. नवं गाणं पोरांसमोर तीनदा म्हणायचं. तिसऱ्या वेळी त्यांनी आपणहून ओळ उचलली नाही तर कागद फाडून टाकायचा. लोक म्हणतात मी दोनशे गाणी केली. फाडलेली कुणी मोजली नाहीत. याच दिवसांत अयूब भेटला. गडचांदूरच्या चौकात त्याचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान, आणि दुकानात एक पेटी, जी तो गिऱ्हाईक नसताना वाजवायचा. माझ्या गाण्यांना सूर त्यानं दिले. म्हणजे मी गुणगुणायचो आणि तो म्हणायचा, “हे पोट्ट्याच्या गळ्यात नाई बसत, खाली घे.” आणि खाली घेतलं की बसायचं. चंद्रपूरच्या रेडिओवर गेलो तेव्हा तो होता, साक्षरतेच्या कलापथकात सरकारनं मला शाळेतून मोकळं केलं तेव्हाही दुकानाला कुलूप लावून तो आला. धानोरा, एटापल्ली, कोरची, कुठं कुठं गेलो. तुझे सहावी ते दहावीचे निकाल मी गावोगावच्या चावडीवर पत्रात वाचले. त्याबद्दल तू कधी बोलली नाहीस. मीही विचारलं नाही.

वाघाचं गाणं प्रत्येक गावात वेगळं व्हायचं. वाघानं तोंड उघडलं की आत काय काय गेलं ते पोरांनी सांगायचं. कुठं मोहाचं झाड जायचं, कुठं पाटलाची म्हैस, कुठं अख्खी एस.टी. जायची, कंडक्टरसकट. आणि दर वेळी मला तोंड उघडावं लागायचं, मोठं, मागच्या रांगेतल्या पोरालाही दिसेल असं. हे ध्यानात ठेव.

आता खर्ऱ्याचं सांगतो. तू लहान असल्यापासून माझ्या खिशात पुडी पाहिली आहेस. आपल्याकडे पाहुण्याला पाण्याच्या आधी खर्रा विचारतात. सुपारी, तंबाखू, चुना, प्लास्टिकच्या पन्नीत घोटून घोटून ऊन ऊन हातावर द्यायचा, तो नाकारला तर माणूस घमेंडखोर ठरतो. मी घमेंडखोर कधीच नव्हतो. अठ्ठ्याण्णव साली मला खर्ऱ्याविरुद्ध गाणं करायला सांगण्यात आलं. केलं. चांगलं झालं होतं, पोरांनी दुसऱ्याच खेपेला ओळ उचलली. आम्ही ते चाळीसेक गावांत म्हटलं, आणि म्हणून झालं की सरपंच खूश होऊन सांगायचे, “मास्तरले खर्रा घोटा रे, गळा सुकला अशीन.” मी खायचो. अयूब तेवढा चहा मागायचा. लोकांना त्यात काही वावगं वाटत नव्हतं आणि खरं सांगायचं तर मलाही नाही. गाणं हे गाण्याच्या ठिकाणी, असं मी मनाशी ठरवून टाकलं होतं.

धानोऱ्याकडच्या एका आश्रमशाळेत मंगली नावाची पोरगी अगदी पुढं बसली होती, दुसरीतली असेल. खर्ऱ्याचं गाणं झालं, मग वाघाचं सुरू केलं. मी आऽऽ केलं. आत काय गेलं म्हणून विचारलं तर ही उठून उभी राहिली, माझ्या तोंडाकडं बोट दाखवलं आणि ओरडली, “वाघाच्या तोंडात खर्रा हाये!” गालात दाबलेला राहिला होता. सगळी शाळा हसली, मास्तर लोक हसले, मीही हसलो आणि लगेच ओळ जोडून टाकली, ‘खर्रासुद्धा आत जाई, आऽऽ!’ पोरांनी ती पहिल्याच खेपेला उचलली. पुढं दोन वर्षं ती ओळ मी विनोद म्हणून सगळीकडं म्हणत होतो. हशा हमखास यायचा. अयूब त्या ओळीला पेटी थांबवायचा. मला वाटायचं, तो हशाला जागा देतो आहे.

दोन हजार सालापासून मला तिखट लागेनासं झालं. तुझ्या आईनं वाढलेल्या ठेच्यानं तोंडाची आग व्हायची. मी सगळ्यांना सांगितलं, गळ्यासाठी पथ्य पाळतो आहे. तू लग्नाआधी माझं त्याबद्दल कौतुकही केलंस. मग एक दिवस अयूबनं दुकानात मला बसवलं आणि म्हणाला, तोंड उघड आणि तुझीच तीन बोटं उभी घाल. खर्ऱ्यानं जबडा आवळत जातो, धड तोंडात तीन बोटं मावतात, असं कुण्या दाताच्या डॉक्टरकडून ऐकून आला होता. माझी दोनच गेली. तो म्हणाला, “देवराव, दोन बोटाचा गायक झाला तू. उद्या एका बोटाचा होशीन. पोट्ट्यायले सोडा म्हन्तं अन् सोता काऊन कोंबून राह्यला?” मी त्याला तू पेटीपुरतं बघ असं सुनावलं. वीस वर्षांच्या दोस्तीत एवढंच एक वाक्य मी त्याला वाईट बोललो, पण ते पुरलं. तो कार्यक्रमांना यायचा बंद झाला.

त्यानंतरची माझी गाणी तुला पाठ आहेत. भुंग्याचं, घुबडाच्या लग्नाचं, झोपलेल्या नदीचं. नीट बघ, त्यांत ‘आ’ कुठं लांबवलेला नाही. ऊ आहे, ई आहे, नुसता मकार आहे. ऊ म्हणायला तोंड उघडावं लागत नाही, मकार तर मिटल्या ओठांनी होतो. मी शब्द असे निवडत होतो, माझ्या जबड्याला झेपतील एवढेच. नागपूरच्या पेपरात आलं, देवराव मास्तरांची गायकी आता अंतर्मुख झाली आहे, मुलांना शांत करणारं नवं वळण वगैरे. तो कागद तू लॅमिनेट करून भद्रावतीच्या घरी भिंतीवर लावलास. मी तिथं जेवायला बसलो की तो माझ्या समोर यायचा. तू मऊ भात वाढायचीस, कारण बाबांना मऊ भात आवडतो.

खर्रा सोडला मी, पण कधी, तर दीड वर्षापूर्वी. तोवर एकच बोट जात होतं. आता पुडी खिशात नसते, तरी हात जातो. तुझी पहिली चिठ्ठी आल्यावर मी टेप घेऊन बसलो होतो. दार लावलं, बटण दाबलं, वाघोबाला आली जांभई म्हटलं आणि आऽऽ च्या ठिकाणी जे निघालं ते ऐकून मीच टेप बंद केला. दाराच्या फटीतून वारा येतो तसा आवाज होता. पुन्हा दोनदा करून पाहिलं. तिसऱ्या वेळी कॅसेटची फीत ओढून काढली. तुला तीन महिने नाही म्हणालो ते एवढ्यासाठी. तुला वाटलं, बाबा म्हणजे जगाचे बाबा. तसं वाटायला मी जागाही दिली होती. पण या वेळी ते कारण नव्हतं.

आणि हे पत्रही त्या कॅसेटसाठी लिहिलेलं नाही. उजव्या गालात आतून एक जखम जूनपासून भरत नव्हती. शेवटी अयूबच्या दुकानात गेलो. त्यानं दुकानाला कुलूप लावलं आणि मला नागपूरला घेऊन गेला. कॅन्सर आहे. येत्या बुधवारी ऑपरेशन आहे. गाल आणि जबड्याचा काही भाग काढतील, जिभेचं किती राहील ते उघडल्यावरच कळेल, असं डॉक्टर म्हणाले. तुझ्या आईला मी अक्कलदाढ सांगितली आहे. पंचावन्नाव्या वर्षी कुणाला अक्कलदाढ येते, पण तिनं विश्वास ठेवला, रोज लवंग काढून देते. हजारो लोकांपुढं उभा राहिलो, पण तिला हे सांगायला तोंड होत नाही. ते तू सांग. रविवारी सकाळच्या गाडीनं पोरीला घेऊन ये. वाघाचं गाणं तिला तूच म्हण, तुला सगळं येतं, माझ्याकडून काही राहिलेलं नाही. मला भीती वाटते आहे, संघप्रिया, आणि ती मरणाची कमी आहे. तुझ्याशी बोलायचं म्हणून पंचवीस वर्षं मी पुढच्या दौऱ्यानंतर, पुढच्या दौऱ्यानंतर करत आलो. ते कागदावर लिहायचं नाही, तोंडानं सांगायचं आहे. तुला नीट कळणार नाही, पण ‘काय, काय’ करत का होईना, ऐकून घे. माझ्याकडं मंगळवारपर्यंतचा वेळ आहे.

तुझाच,
बाबा