दादाच्या मरणाची तीन मिनिटं

ती. वहिनींना धाकट्या दिराचा दोन्ही हात जोडून नमस्कार. (हातांना फिल्म चिकटवायचा डिंक लागला आहे, तेव्हा ते बराच वेळ जोडलेलेच राहतील.) तुमचा गुडघा कसा आहे? दादाची तब्येत विचारत नाही. बावीस वर्षांत तो माझ्याशी चकार शब्द बोललेला नाही, पण न्हाव्याशी तासभर गप्पा मारतो असं ऐकतो, म्हणजे छाती ठणठणीत असणार.

आमचं भांडण तुम्हाला त्याच्या बाजूने पाठ आहे. माझी बाजू अशी. दादाला उभ्या आयुष्यात एकच मोठी भूमिका मिळाली, मी संकलन करत होतो त्याच सिनेमात, म्हाताऱ्या स्टेशनमास्तरची, आणि त्यात त्याला मरायचं होतं. मरायला त्याने तीन मिनिटं घेतली. (तेवढ्यात आम्ही नायक-नायिकेची भेट, प्रेम आणि गैरसमज उरकत असू.) आधी खोकला, मग पडला, मग उठून बसला, पाणी मागितलं, नको म्हणाला, पुन्हा पडला. दिग्दर्शकांनी हात झटकले, म्हणाले, "तुझाच भाऊ आहे, तूच काय ते बघ." मी बघितलं आणि कापून वीस सेकंद ठेवले. थिएटरात बायका हुंदके देत होत्या. खेळ सुटल्यावर दादा एवढंच म्हणाला, "मला धड मरूही दिलं नाहीस."

आता माझी एक वाईट खोड सांगतो. कापलेल्या पट्ट्या पायाखाली येऊ नयेत म्हणून मी त्या गळ्यात अडकवायचो आणि कितीदा तसाच घरी यायचो. एकदा तर नायिकेचं सबंध रडणं गळ्यात घालून सासऱ्यांच्या शेजारी जेवायला बसलो होतो. दादाचं मरण कापलं त्या दिवशी गळ्यात दादा होता. स्टुडिओतली बाकीची कात्रणं त्याच आठवड्यात भंगारात गेली, हा तेवढा माझ्या कपाटात पत्र्याच्या डब्यात राहिला. परवा डोळ्यांचे डॉक्टर म्हणाले, वर्षभर दिसेल, पुढचं सांगवत नाही. म्हणून डबा उघडला आणि तुकडे जोडायला बसलो. पूर्वी तासाभराचं काम होतं, आता नऊ दिवस लागले. बाकी सर्व क्षेम.

आपला,
धाकटा

ता. क. : थिएटरातला आमचा जुना ऑपरेटर रविवारी सकाळी यंत्र लावून द्यायला तयार आहे. दोघंही या.

ता. क. दुसरा : वहिनी, हे दादासाठी. तो तुमच्या खांद्यावरून वाचत असणारच. दादा, लांबी हे कारण नव्हतंच. बाबांचं शेवटचं आजारपण तू एकट्याने काढलंस, मी स्टुडिओत काम आहे म्हणून आलो नाही. पाणी मागायचं आणि नको म्हणायचं, हे बाबांचं होतं ना? संकलनाच्या टेबलावर पहिल्यांदा पाहिलं तेव्हाच मला कळलं होतं. बघवेना, म्हणून कापलं. फार लाज वाटते रे. रविवारी ये आणि हवा तेवढा वेळ घे. मी उठून जाणार नाही.